काळाचा नकाशा आणि समकालीनतेचा प्रश्न

१

काळाचा नकाशा काढता येतो ही कल्पना ज्ञानव्यवहारात इतकी रुळली आहे की तिच्यातील रूपक आता सहसा जाणवत नाही. खडकांचे स्तर, राजवंशांच्या याद्या, वाङ्मयेतिहासातील कालखंड, पंचांगातील तिथी ही सारी या नकाशाचीच रूपे होत. जे एकामागून एक घडले ते शेजारी-शेजारी किंवा खाली-वर मांडणे, म्हणजे क्रमाला जागेचे रूप देणे, हे या सर्वांत समान असते. या मांडणीत प्रत्येक वस्तूला तिचे स्थान मिळते. मांडणी करणाऱ्याचे स्थान मात्र त्यात दाखवलेले नसते. कोणाला 'आधीचा' म्हणायचे आणि कोणाला 'आजचा', हे ठरवणारा स्वतःला अपरिहार्यपणे 'आज'मध्ये गृहीत धरतो. ज्यांना तो आधीच्या स्तरात ठेवतो ते मृत जीव असतील तर त्यातून नैतिक प्रश्न उद्भवत नाही. ती जिवंत माणसे असतील तर तो उद्भवतो.

या प्रश्नाचा विचार करण्यासाठी ऊर्जानगर हे ठिकाण सोयीचे आहे. चंद्रपूरलगतची ही वसाहत औष्णिक विद्युत केंद्राच्या कर्मचाऱ्यांसाठी वसली. १९८० च्या दशकात सुरू झालेल्या या केंद्राची क्षमता २,९२० मेगावॅटपर्यंत वाढली. त्यासाठी लागणारा कोळसा मुख्यतः वर्धा खोऱ्यातील खाणींतून येतो. ज्या बराकर स्तरांत तो सापडतो ते सुमारे २७ ते २९ कोटी वर्षांपूर्वीचे आहेत; आणि हे स्तर ज्या मोठ्या मालिकेत मोडतात तिला भूविज्ञानात 'गोंडवाना' म्हणतात. वसाहतीपासून पूर्वेकडे, गडचिरोलीच्या बाजूला जंगल दाट होत जाते आणि तेथील अनेक गावांत गोंडी बोलणारी माणसे राहतात. 'गोंड' हा शब्द येथे पाळीवर जाणाऱ्या, तेंदूपाने तोडणाऱ्या, मतदान करणाऱ्या आजच्या माणसांचा निर्देश करतो. आणि तोच शब्द, मनुष्यप्राणी अस्तित्वात नव्हता अशा एका अतिदूरच्या काळाचाही निर्देश करतो. एका लोकसमूहाचे नाव एका भूकाळाला मिळणे हा नामकरणातला योगायोग म्हणून सोडून देता येईल. परंतु या नामकरणाच्या आगेमागे जे घडले ते पाहिले तर तसे करणे कठीण होते.

२

नागपूर आणि त्याच्या दक्षिणेकडील या प्रदेशाच्या काळाचा नकाशा काढू पाहणाऱ्या पहिल्या अभ्यासकांत स्टीफन हिस्लॉप यांची गणना होते. स्कॉटलंडमध्ये १८१७ साली जन्मलेले हिस्लॉप फ्री चर्चचे मिशनरी म्हणून १८४५ मध्ये नागपुरास आले. त्यांनी १८४६ मध्ये काढलेल्या शाळेतूनच पुढे त्यांच्या नावाचे महाविद्यालय उभे राहिले. धर्मप्रसार हे त्यांचे नेमलेले काम; भूविज्ञान हा त्यांचा छंद. परंतु रॉबर्ट हंटर या सहकाऱ्यासह त्यांनी केलेले काम छंदाच्या मर्यादेत राहिले नाही. नागपूर परिसराच्या भूरचनेवरील या दोघांचा निबंध लंडनच्या भूवैज्ञानिक संस्थेच्या त्रैमासिकात १८५५ साली प्रसिद्ध झाला. नागपूरच्या दक्षिणेस मांगली येथून मिळालेल्या एका उभयचर प्राण्याच्या कवटीचे वर्णन रिचर्ड ओवेन यांनी त्याच सुमारास केले. नागपूरजवळच्या टाकळी येथे काळ्या पाषाणाच्या दोन थरांमध्ये अडकलेल्या गाळात हिस्लॉप यांना गोड्या पाण्यातील शंखांचे जीवाश्म मिळाले. दोन लाव्हाप्रवाहांच्या मधल्या काळात येथे तळी होती आणि त्यांत जीव नांदत होते, हा त्यावरून निघणारा निष्कर्ष होता.

या कामाचे तार्किक स्वरूप लक्षात घेणे आवश्यक आहे. १८५० च्या दशकात खडकाचे वय वर्षांत सांगण्याचे साधन उपलब्ध नव्हते. किरणोत्सर्गावरून वय काढण्याची रीत विसाव्या शतकातली. हिस्लॉप यांच्यापुढे होता तो केवळ क्रम: वरचा थर खालच्यानंतरचा, आणि एकाच जातीचे जीवाश्म ज्या दोन ठिकाणी मिळतात ते थर स्थूलमानाने एकाच काळाचे. म्हणजे त्यांच्या नकाशात संख्या नव्हत्या, आधी आणि नंतर यांचे संबंध होते. शिवाय हे संबंध दुरुस्तीला खुले होते. टाकळीच्या शंखांना हिस्लॉप यांनी तृतीयक काळातील मानले. नंतरच्या संशोधनाने ते मागे, क्रिटेशस युगाच्या अखेरीस नेले. त्यांच्या मृत्यूनंतर १८७५ मध्ये फेडन यांनी चंद्रपूरच्या नैर्ऋत्येस इरई गावाजवळ चुनखडकाचा एक घासलेला, चरे पडलेला पृष्ठभाग नोंदवला आणि तो बर्फाच्या क्रियेचा पुरावा मानला गेला. उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या वर जाणाऱ्या या मुलखात एकेकाळी हिमनद्या होत्या हे कोणाला सहज पटण्यासारखे नव्हते. दगडाने साक्ष दिली आणि नकाशा बदलला. विज्ञान म्हणून या ज्ञानाची प्रतिष्ठा याच गुणावर उभी आहे: ज्याचा नकाशा काढायचा तो पदार्थ नकाशाला नाकारू शकतो.

३

हिस्लॉप यांच्या कामाचा दुसरा भाग गोंडांविषयीचा आहे. त्यांनी गोंडी शब्द जमवले, चालीरीती टिपल्या आणि एका परधान गायकाकडून लिंगोची दीर्घ कथा गोंडीत उतरवून घेतली. परधान हे गोंडांचे परंपरागत गायक. वंश आणि दैवते यांची स्मृती सांभाळणे हे त्यांचे काम. ४ सप्टेंबर १८६३ रोजी टाकळघाट येथील शिलावर्तुळे पाहून परतताना पूर आलेल्या नाल्यात बुडून हिस्लॉप यांचा अंत झाला. त्यांचे कागद रिचर्ड टेंपल यांनी संपादित करून १८६६ साली प्रसिद्ध केले. त्यात लिंगोचे गाणे रोमन लिपीत मूळ गोंडीसह, शब्दाखाली शब्द देऊन छापले आहे. वासाहतिक काळातील लोकसाहित्याच्या संकलनात मूळ भाषेचा असा मान राखलेला फार थोड्या ठिकाणी आढळतो, आणि त्याचे श्रेय हिस्लॉप यांना द्यावेच लागेल.

या गाण्यात गोंड एका गुहेत कोंडले जातात, तिच्या तोंडावर प्रचंड शिळा ठेवली जाते, चौघे तेवढे बाहेर राहतात. लिंगो त्यांना अग्नी आणि शेती यांची ओळख करून देतो, अनेक कसोट्या पार करून गुहेतल्यांची सुटका करतो, पूर आलेल्या नदीतून त्यांना पलीकडे नेतो आणि शेवटी त्यांची गोत्रे लावून देतो. कोणी कोणाशी सोयरीक करावी, कोणी किती देवांना मानावे, हे येथे ठरते. मग लिंगो नाहीसा होतो. या कथेत एकही साल नाही. परंतु क्रम काटेकोर आहे: आधी कोंडणे, मग सुटका, मग नदी, मग गोत्र. आजचा प्रत्येक गोंड आपल्या गोत्रामुळे या क्रमातल्या एका ठराविक जागी उभा असतो. गाणे ही केवळ भूतकाळाची हकीकत नव्हे. उद्या होणाऱ्या लग्नात कोणता संबंध चालेल याचाही तो निर्णय असतो.

येथे एक साम्य दृष्टीस पडते. एकाच माणसाच्या कागदपत्रांत काळाचे दोन नकाशे शेजारी-शेजारी होते आणि दोन्ही संख्येवाचून क्रमावर उभे होते. एक त्याने स्वतः खडकांवरून काढलेला, दुसरा परधानाने त्याला गाऊन दाखवलेला. पहिल्यात नकाशा काढणारा बाहेर उभा आहे. दुसऱ्यात तो आत आहे, कारण गाणाऱ्याचे स्वतःचे स्थानही त्याच क्रमाने ठरते. बाख्तिन यांनी कथनातील काळ आणि अवकाश यांच्या एकजीव बांधणीसाठी 'क्रोनोटोप' ही संज्ञा वापरली. त्या अर्थाने लिंगोच्या गाण्यातील गुहा, नदी आणि गोत्रांची वाटणी ही केवळ स्थळे नाहीत, काळाचे टप्पे आहेत. भूस्तरांच्या आलेखातही असेच घडते: तेथे खोली म्हणजेच पुरातनता. मात्र त्या आलेखाचा निवेदक सर्वज्ञ आहे आणि अदृश्य आहे. तो कोणत्या थरावर उभा आहे हे आलेख सांगत नाही.

४

पुढे जे घडले ते या अदृश्यतेतून घडले. १८६५ साली जॉन लबक यांचा प्रागैतिहासिक काळावरील ग्रंथ आला. त्याच्या शीर्षकातच आधुनिक 'रानटी' लोकांच्या चालीरीतींचा निर्देश प्राचीन अवशेषांच्या जोडीने आहे; म्हणजे जिवंत माणसे ही लुप्त माणसांचा पुरावा म्हणून वाचायची. १८७१ मध्ये टायलर यांनी 'अवशिष्ट' रूढींची कल्पना विस्ताराने मांडली. त्याच वर्षी फोर्सिथ यांनी मध्य भारतातील डोंगराळ प्रदेशावरील आपल्या पुस्तकात लिंगोची कथा इंग्रजी पद्यात आणली, तीही लाँगफेलो यांच्या 'हायावाथा'च्या वृत्तात. ते वृत्त फिनलंडच्या 'कालेवाला'वरून घेतलेले होते. नागपूरच्या परधानाचे गाणे फिन आणि अमेरिकन इंडियन यांच्या मार्गाने इंग्रजी वाचकापर्यंत पोचले, कारण या तिघांना 'आदिम' नावाच्या एकाच थरात ठेवणे त्या वाचकाला स्वाभाविक वाटत होते. दगडांचे थर जुळवण्याची युक्ती माणसांना लावली गेली: सारखे जीवाश्म म्हणजे एकच काळ.

संहितेच्या बाबतीतही तेच. गाण्यात महादेव-पार्वती वावरतात, म्हणून ते 'मिश्र' ठरवायचे, वरचा हिंदू थर खरवडून खालचा 'शुद्ध' गोंडी थर शोधायचा, ही दृष्टी अशा गाण्यांच्या चर्चेत पुढे दीर्घकाळ टिकली. या दृष्टीत एकोणिसाव्या शतकातल्या गायकाची कामगिरी एवढीच उरते की त्याने काहीतरी बिघडवले. आपल्या काळातल्या सत्तासंबंधांचे भान ठेवून त्याने महादेवाला कथेत कोंडणाऱ्याची भूमिका दिली असेल, हा अर्थ संभवतो तरी. परंतु गायकाला समकालीन मानल्याखेरीज तो सुचूच शकत नाही.

भूस्तरांच्या मालिकेला 'गोंडवाना' हे नाव मेडलिकॉट यांनी १८७२ मध्ये सुचवले, १८७६ मध्ये फाइस्टमांटेल यांच्या लेखनातून ते छापले गेले आणि १८८५ मध्ये झ्यूस यांनी ते एका लुप्त महाखंडाला दिले. या नामकरणात दुष्ट हेतू शोधण्याचे कारण नाही. भूवैज्ञानिक स्तरांना स्थळनामे देतातच. लक्षात घ्यायची गोष्ट वेगळी आहे. याच दोन-तीन दशकांत, २१ ऑक्टोबर १८५८ रोजी, इंग्रजी सत्तेविरुद्ध उठाव केल्याबद्दल बाबुराव शेडमाके या गोंड जमीनदारास चांद्यात फाशी देण्यात आले.  ज्या समाजातला तरुण कंपनी सरकारशी त्याच वर्षी, त्याच प्रदेशात लढला, तो समाज ज्ञानव्यवहाराच्या नकाशात हळूहळू इतिहासपूर्व काळाचा रहिवासी ठरत गेला. फाशी देताना तो समकालीन होता. अभ्यासताना तो प्राचीन झाला.

मानववंशशास्त्रातील या व्यवहाराला योहानेस फाबियन यांनी १९८३ च्या आपल्या ग्रंथात समकालीनतेचा नकार असे म्हटले आहे. अभ्यासक ज्यांच्याबरोबर बसतो, ज्यांच्याशी बोलतो, त्यांच्याच काळात तो असतो. संवाद अन्यथा शक्यच नाही. पण लिहिताना तो त्यांना दुसऱ्या काळात ढकलतो. हिस्लॉप यांच्या बाबतीत हा मुद्दा विशेष बोलका होतो. त्यांनी ऐकले, उतरवले, मूळ शब्द जपले. परधानाला त्यांनी भाषेचा साक्षीदार मानले. काळाचा साक्षीदार म्हणून त्याला कोणी विचारले नाही. ती साक्ष दगडाकडे मागितली गेली.

५

हा आरोप केवळ परकीयांवर ठेवून मोकळे होता येत नाही. मराठी ज्ञानपरंपरेतही काळाचे नकाशे त्याच शतकात निघत होते. टिळकांनी १८९३ मध्ये 'ओरायन'मध्ये आणि शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी १८९६ च्या 'भारतीय ज्योतिषशास्त्र' या ग्रंथात वैदिक वाङ्मयातील नक्षत्रांच्या उल्लेखांवरून त्या वाङ्मयाचा काळ ठरवण्याचा प्रयत्न केला. कृत्तिका पूर्वेपासून ढळत नाहीत या शतपथब्राह्मणातील उल्लेखावरून दीक्षितांनी केलेले गणित प्रसिद्ध आहे. त्याचा निष्कर्ष मान्य असो वा नसो, त्यामागील भूमिका ध्यानात घेण्यासारखी आहे. वेदही मौखिक परंपरेनेच आले होते. तरी त्यांना प्रश्न विचारला गेला, त्यांच्या शब्दाला पुरावा मानले गेले, आणि त्या पुराव्यावर वाद झाला. लिंगोच्या गाण्याच्या वाट्याला मराठीत असा वाद आला नाही. ते गाणे 'आदिम' ठरले, आणि आदिमाला साल लागत नाही.

मराठी समीक्षेत 'कालातीत', 'चिरंतन', 'आदिम' ही विशेषणे गौरवार्थाने वापरण्याची प्रथा आहे. लिखित कृतीला 'कालातीत' म्हणताना तिचा काळ आधी ठाऊक असतो. ती आपला काळ ओलांडून आपल्यापर्यंत आली असा त्याचा अर्थ होतो. आदिवासी गीताला तेच विशेषण लावताना त्याला काळच नव्हता असे सुचवले जाते. एकच शब्द एकाला इतिहास देऊन वर चढवतो, दुसऱ्याचा इतिहास काढून घेतो. भुजंग मेश्राम यांच्या १९९० च्या कवितासंग्रहाचे 'उलगुलान' हे शीर्षक या संदर्भात वाचता येते. तो शब्द बिरसा मुंडा यांच्या १८९९-१९०० च्या उठावाशी जोडलेला, म्हणजे नेमक्या सालाचा आहे. विदर्भातल्या गोंड कवीने आपल्या मराठी संग्रहासाठी मुंडांच्या इतिहासातला शब्द निवडावा, यात 'आदिम' या विशेषणाला दिलेला नकार आहे. तो इतिहासाच्या बाहेरचा म्हणून कौतुक करून घ्यायला तयार नाही.

६

येथे एक आक्षेप घेतला जाईल, आणि तो गंभीर आहे. परधानाच्या गाण्याला भूवैज्ञानिक आलेखाच्या बरोबरीने बसवणे म्हणजे ज्ञान आणि श्रद्धा यांतील फरक पुसणे नव्हे काय? इरईच्या खडकावरील चरे कोणीही जाऊन पाहू शकतो आणि फेडन यांचे म्हणणे खोडू शकतो. लिंगो खरोखर होऊन गेला काय, हे तसे तपासता येत नाही. हा फरक मान्य केला पाहिजे. कोळशाचे वय गाण्यावरून ठरणार नाही. ऊर्जानगरच्या परिसरात ज्यांच्या घरांवर राख बसते त्यांनाही हवेतील कणांचे खरे मोजमाप हवे असते, सांत्वनाची कथा नको असते. सर्व कथने सारखीच खरी म्हणणाऱ्या सापेक्षतावादाचा उपयोग बलवानालाच अधिक होतो.

परंतु समप्रमाण मानणे आणि समकालीन मानणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. समकालीन मानणे म्हणजे साक्षीदार मानणे. आणि साक्षीदाराला उलटतपासणी चुकत नाही. गाण्याला पवित्र म्हणून बाजूला ठेवणारा त्याचा आदर करत नाही, कारण तो त्याला काही विचारतच नाही. कोणत्या वाटेने आलात, कोणती नदी ओलांडलीत, गोत्रे केव्हा आणि का विभागली, महादेव कथेत कसा आला, असे प्रश्न विचारणे, उत्तरावर शंका घेणे, आणि गायकानेही अभ्यासकाच्या नकाशावर शंका घ्यावी याची मुभा ठेवणे, हा समकालीनतेचा व्यवहार होय. दगड नकाशाला नाकारू शकतो म्हणून भूविज्ञान विश्वसनीय ठरते. माणसांच्या काळाचा नकाशा विश्वसनीय ठरायचा तर तो नाकारण्याचा हक्क त्यातल्या माणसांना असला पाहिजे.

हा प्रश्न केवळ तात्त्विक राहिलेला नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याने १३ डिसेंबर २००५ ही सीमारेषा ठरवली. त्या दिवसापूर्वीचा जमिनीचा ताबा दाखवणे अनुसूचित जमातींच्या दावेदारास आवश्यक झाले. इतर पारंपरिक वननिवासींना त्यामागे तीन पिढ्यांचा रहिवास सिद्ध करणे भाग पडले, आणि एक पिढी म्हणजे २५ वर्षे असे कायद्यानेच सांगून टाकले. येथेही शासनाने काळाचा नकाशा काढला आणि त्यात माणसांना बसवले. मात्र त्या कायद्याखालील नियमांत एक गोष्ट नवी होती. गावातील वृद्धांचे लेखी उतरवलेले कथन, जुन्या विहिरी, दफनभूमी, पूजास्थाने यांना पुराव्याचे स्थान मिळाले. ज्या स्मृतीला दीड शतक लोकसाहित्य म्हणून संग्रहात ठेवले होते ती दावा म्हणून दाखल होऊ शकली. गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा (लेखा) या गावाला २००९ मध्ये मिळालेला सामूहिक वनहक्क हा देशातील अशा पहिल्या हक्कांपैकी एक. या कायद्याच्या अंमलबजावणीत किती दावे फेटाळले गेले आणि का, हा स्वतंत्र वादाचा विषय आहे. परंतु वाद होतो, अपील होते, वृद्धाची साक्ष तपासली जाते, हेच महत्त्वाचे. परधानाच्या वाट्याला १८६० च्या सुमारास हे आले नव्हते.

गोंडवाना हे नाव २०११ मध्ये गडचिरोलीत स्थापन झालेल्या विद्यापीठालाही मिळाले. ते नाव आता एकाच वेळी एका स्तरमालिकेचे, एका लुप्त महाखंडाचे आणि ज्यांत गोंड मुले परीक्षा देतात अशा एका संस्थेचे आहे. तेथे भूविज्ञान शिकणाऱ्या विद्यार्थ्याला आपल्या समाजाचे नाव आलेखात तळाशी दिसेल. ते तेथे कसे गेले, कोणी नेले आणि त्याच काळात आपले पूर्वज काय करत होते, हे त्याला त्याच अभ्यासक्रमात विचारता आले पाहिजे. हिस्लॉप यांच्या कागदांत दगडांच्या नोंदी आणि गाणे एकत्र होते. त्यांच्यानंतर ती दोन शास्त्रांत विभागली गेली, आणि साक्ष एकाच बाजूला राहिली. ती विभागणी पुन्हा तपासण्याची जबाबदारी आता केवळ भूवैज्ञानिकांची किंवा मानववंशशास्त्रज्ञांची नाही. 'आदिम' हा शब्द लिहिणाऱ्या प्रत्येक समीक्षकाचीही ती आहे.